काळ्या खसखशीचे कोलाचे

अविनाशला डोळ्यांच्या डॉक्टरकडे सोडलं. नर्स म्हणाली, दोन तास तरी लागतील, हवं तर तुम्ही जाऊन या. तिथून बर्विन, शिकागोला लागून असलेलं आमचं जुनं गाव, वीस मिनिटांवर आहे हे मला सकाळपासून माहीत होतं, पण अविनाशला मी तसं सांगितलं नव्हतं.

गल्ली सापडायला वेळ लागला नाही. ऑक्टोबरचं ऊन, दोन्ही बाजूंना तीच विटांची बुटकी घरं, कडेला मेपलच्या पानांचे ढीग. गाडी लावायला जागा होती, तरी मी थांबले नाही. आमच्या जुन्या घरासमोरून हळूच पुढे गेले, कोपऱ्यावरून वळले, पुन्हा आले. दुसऱ्या फेरीत मागच्या बोळातून लाकडी जिना दिसला. तिसऱ्या फेरीत खालच्या स्वयंपाकघराची खिडकी दिसली. तिला आता नवी पांढरी चौकट बसवली आहे. चौथ्या फेरीला समोरचा माणूस पानं गोळा करता करता माझ्याकडे बघायला लागला, तेव्हा मी गाडी मोठ्या रस्त्यावर घेतली. तिथे पूर्वी चेक लोकांची बेकरी होती, आता मेक्सिकन आहे. मी काच खाली केली. फुगलेल्या मैद्याचा आणि तापलेल्या साखरेचा वास आत आला, आणि गाडीत बसल्या बसल्या माझे पाय चुळबुळ करायला लागले.

ही पायांची खोड त्या घरातलीच.

चौऱ्याऐंशीच्या ऑक्टोबरात मी त्या घराच्या वरच्या मजल्यावर राहायला आले. अविनाश सकाळी सातला लॅबमध्ये जायचा तो अंधार पडल्यावर परत यायचा. माझ्या व्हिसावर नोकरी चालत नव्हती. स्वयंपाक नऊ वाजता उरकायचा. मग मी चालायचे. स्वयंपाकघरातून बाहेरची खोली, तिथून झोपायची खोली, खिडकी, परत स्वयंपाकघर. एकूण एकतीस पावलं. बाहेर बर्फ पडायला लागल्यावर तर दुसरं काही उरलंच नाही.

आमची मुलगी केतकी तेव्हा तीन वर्षांची होती आणि मिरजेला माझ्या ताईकडे होती. तिला सोडून मी का आले ते इथे सांगत बसत नाही. कारणं होती. मांडून दाखवली तर आजही कुणाला पटतील. मला तेव्हाही रात्रंदिवस ती स्वतःला पुन्हापुन्हा पटवावी लागत होती, एवढंच.

एका सकाळी दारावर थाप पडली. घरमालकीण. साठीच्या पुढच्या, रुंद हाडाच्या, डोक्याला रुमाल बांधलेल्या. नाव ब्लाझेना. अविनाश त्यांना मिसेस अमुक म्हणायचा, मी मनातल्या मनात ब्लाझेनाबाई म्हणायचे. त्या चेकोस्लोव्हाकियातून तरुणपणी आल्या होत्या. त्यांचं इंग्रजी माझ्यापेक्षाही मोडकं होतं, पण त्यांना त्याची पर्वा नव्हती.

“तू चालतेस,” त्या म्हणाल्या. “दिवसभर. माझ्या डोक्यावर.”

मी माफी मागितली.

“माफी नको. खाली ये. चालायचंच असेल तर हातांनी चाल.”

त्यांच्या स्वयंपाकघरात मोठं पांढरं टेबल होतं आणि टेबलावर मातीच्या पसरट भांड्यात मैद्याचा गोळा. दुधात फुगवलेलं यीस्ट, अंड्याचा पिवळा बलक, लोणी, किसलेली लिंबाची साल, आणि चिमूटभर जायपत्री. जायपत्रीचा वास आला आणि मी दारातच थबकले. तो वास इतक्या लांब भेटेल असं मला वाटलं नव्हतं.

“मळ,” त्या म्हणाल्या. “भांड्याला चिकटायचा थांबेपर्यंत.”

मी मळायला लागले. दहा मिनिटं, पंधरा मिनिटं. त्या मध्येच येऊन बोटानं दाबून बघायच्या आणि मान हलवायच्या. खांदे भरून आले, कपाळावर घाम आला, आणि कुठल्याशा क्षणी माझ्या लक्षात आलं की बराच वेळ मी कसलाच विचार केलेला नाही.

मग तो गोळा पंचा झाकून हीटरजवळ ठेवायचा आणि वाट बघायची. हीच माझी खरी अडचण. मी दर पाच मिनिटांनी पंचा उचलायचे. ब्लाझेनाबाई माझ्या हातावर चापट मारायच्या. “तो तुझ्यासाठी फुगत नाही. त्याच्या वेळेनं फुगतो.”

त्या हिवाळ्यातले शनिवार असे गेले. गोळा फुगून दुप्पट झाला की त्याचे लाडूएवढे गोळे करायचे, थोडं थांबून ते मधोमध दाबायचे, आणि त्या खळग्यात सारण भरायचं. वाळवलेल्या प्लमचा काळपट, आंबटगोड मुरंबा. आपल्या चक्क्यासारखं घट्ट दही-पनीर, बेदाणे घातलेलं. आणि खसखस. आमच्याकडे अनारशाला लावतात ती पांढरी नव्हे, तर निळसर काळी, बंदुकीच्या दारूसारखी. ती दळायला टेबलाच्या कडेला स्क्रूनं आवळलेलं लोखंडी यंत्र होतं, थेट आपल्या शेवयांच्या यंत्राच्या घाटाचं. दांडा फिरवला की करकर आवाज होई आणि खालच्या वाडग्यात ओलसर काळा चुरा साचत जाई. तो दूध-साखरेत शिजवला की घरभर मातकट, गुंगी आणणारा वास पसरायचा. वरून लोणी, साखर, मैदा चिमटीत चुरून भुरभुरायचं आणि ओव्हनमध्ये. बाहेर आले की गरम असतानाच त्यांच्यावर पातळ लोणी फिरवायचं. यांना त्या कोलाचे म्हणायच्या. शेजारचे अमेरिकन लोक निराळाच उच्चार करायचे. ते ऐकलं की ब्लाझेनाबाई नाक मुरडायच्या.

मुलीबद्दल मी त्यांना सांगितलं नव्हतं. कुणालाच सांगितलं नव्हतं. डेव्हन ॲव्हेन्यूवरच्या देशी दुकानांत किराणा घ्यायला गेलो की आपली माणसं भेटायची, एखाद्या काकू हमखास विचारायच्या, “काय गं, मुलंबाळं?” मी पिशव्यांशी काहीतरी खुडबूड करायचे आणि अविनाश विषय बदलायचा.

मार्चमध्ये ताईचं पत्र आलं. आत एका कागदावर पेन्सिलीनं केतकीच्या पावलाची रेघ काढलेली. बूट पाठवायचे तर माप हवं, असं मीच कळवलं होतं. तो कागद मी ॲप्रनच्या खिशात घालून खाली गेले आणि रुमाल काढताना तो टेबलावर पडला.

ब्लाझेनाबाईंनी उचलला. “हे कुणाचं पाऊल?”

आता लपवण्यात अर्थ नव्हता. “माझ्या मुलीचं.”

त्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही. पिठाचं बोट त्या पेन्सिलीच्या रेघेवरून फिरवत राहिल्या. “कधीचं आहे?”

“तीन आठवडे झाले असतील. पत्राला तेवढे लागतात.”

“मग एक नंबर मोठा घे,” त्या म्हणाल्या. “आता वाढलं असेल.”

त्या दिवशी गोळा दुसऱ्यांदा फुगत असताना त्यांनी त्यांचं सांगितलं. बाविसाव्या वर्षी त्या घरातून निघाल्या त्या चुलतबहिणीच्या लग्नाला जाते असं सांगून. सीमा ओलांडायची हे फक्त त्यांना आणि त्यांच्या होणाऱ्या नवऱ्याला माहीत होतं. आई ओट्याशी कोलाचे करत होती. त्या जवळ गेल्या तर आई म्हणाली, लांब हो, पीठ लागेल, कोट खराब होईल. “मी लांब झाले,” ब्लाझेनाबाई म्हणाल्या. मग त्यांनी उठून ओव्हन पेटवला.

वर अविनाश म्हणायचा, “अगं, नेक्स्ट समरपर्यंत केतकीला आणायचं होईल सगळं. प्रोफेसरांनी लेटर दिलंय.” समर आला, गेला. खिडकीखालच्या झाडाला पानं आली, गळली. मिरजेला फोन लावायचा तर ताईच्या शेजाऱ्यांकडे. ताई केतकीच्या कानाला रिसीव्हर लावायची आणि मला फक्त श्वास ऐकू यायचा.

पंच्याऐंशीच्या डिसेंबरात, तब्बल चौदा महिन्यांनी, ती आली. मिरजेकडचंच एक जोडपं शिकागोला येत होतं, त्यांच्यासोबत. विमानतळाच्या काचेच्या दारातून ती त्या जोडप्यातल्या काकूंचा पदर धरून बाहेर आली. उंच झालेली, समोरच्या एका दाताचा टवका उडालेला. मी खाली बसून हात पसरले आणि हाक मारली. ती काकूंच्या मागे गेली आणि स्पष्ट आवाजात म्हणाली, “ही आई नाही.”

सगळे हसले. लहान आहे, दमली आहे, होईल ओळख. मीही हसले.

ताईची मुलं ताईला आई म्हणायची, म्हणून हीसुद्धा. हे मला पत्रांतून माहीत होतं. माहीत असणं वेगळं. ती माझ्या हातचं खायची, मी वेणी घालायला बसवलं तर बसायची, पण मला काहीच म्हणायची नाही. कुठलीच हाक नाही. पाणी हवं असलं तर नळापाशी जाऊन उभी राहायची. दुपारभर ती जिन्याच्या दाराला पाठ लावून बसायची आणि मी तिच्यासमोरून एकतीस पावलं घालायचे. “मला आईकडे जायचंय.” “अगं, मीच आई.” “तू नाही.”

जानेवारीतल्या एका शनिवारी मी न्हाणीघरातून बाहेर आले तर दाराशी ती नव्हती. दार उघडं होतं. बाहेर उणे पंधरा. मी अनवाणी जिना उतरले. खालच्या स्वयंपाकघरात ती स्टुलावर उभी होती, कोपरापर्यंत पिठानं माखलेली, आणि अंगठ्यानं एकेक गोळा दाबत होती. तोंडानं अखंड चालू होतं. मिरजेची मनी, मनीची पिल्लं, दादानं पिल्लू कसं खिशात घातलं. अस्सल मराठीत. आणि ब्लाझेनाबाई चेकमध्ये तिला उत्तरं देत होत्या. दोघींना एकमेकींचं अक्षर कळत नव्हतं आणि दोघींचं काही अडत नव्हतं.

“कात्का,” ब्लाझेनाबाई तिला म्हणत होत्या. केतकी त्यांच्या जिभेवर चढतच नव्हतं. आणि ती त्यांना म्हणत होती बाबी. चेकमध्ये आजीला बाबी म्हणतात, हे मला मागाहून कळलं. तेव्हा मला एवढंच दिसलं की त्या बाईसाठी तिच्याकडे हाक आहे.

पुढचे दोन-तीन आठवडे ती रोज खाली पळायची. वर आली की गप्प. मी जिन्यात बसून खालचं हसणं ऐकायचे. मग एके दिवशी मी खाली गेले आणि म्हणाले, “उद्यापासून तिला घरात घेऊ नका.”

ब्लाझेनाबाई टेबल पुसत होत्या. “का?”

“ती माझी मुलगी आहे.”

“हो,” त्या म्हणाल्या. “तुझीच आहे.” आणि टेबल पुसत राहिल्या.

मी दाराला वरची कडी घातली. केतकी रडली नाही. दाराशी उभी राहून कडीकडे बघत राहिली. त्या आठवड्यात घर इतकं शांत होतं की खालचं घड्याळ वर ऐकू यायचं. शनिवार आला आणि खालून वास आला नाही. तोवरच्या माझ्या आठवणीत तो पहिला शनिवार.

तेव्हा मी ठरवलं की मीच करीन. माझ्या घरात, माझ्या मुलीसाठी. दूध तापवलं, यीस्ट घातलं, मळलं, झाकलं. तास झाला, दोन तास झाले. पंचा उचलून पाहिला, गोळा होता तेवढाच, घट्ट, थंड. हीटरवर ठेवला, ओव्हनजवळ ठेवला, पुन्हा मळला. केतकी टेबलाच्या पलीकडून सगळं बघत होती. मी तो दगड तसाच ओढून त्याचे गोळे करायला लागले, तेव्हा ती म्हणाली, “बाबी असं नाही करत.”

‘आईकडे जायचंय’ सोडलं तर आल्यापासून तिनं आपणहून माझ्याशी बोललेलं हे पहिलं वाक्य. मला खेकसायचं होतं. शब्द तोंडापर्यंत आलेही होते. पण मी फरशीवर बसले आणि रडायला लागले. आवाज करून, लहान मुलासारखी, नाक वाहतंय, हात पिठानं बरबटलेले.

मग तिचे पायमोजे माझ्यासमोर येऊन थांबले.

“चल,” ती म्हणाली. “आपण बाबीला विचारू.”

आणि तिनं माझं एक बोट धरलं. पीठ, चिकटा, कशाकडे न बघता. कडी तिच्या हाताला येत नव्हती, म्हणून तिनं माझ्याकडे वर पाहिलं. मी कडी काढली आणि पिठाचं भांडं काखेत घेतलं.

खालचं दार वाजवायच्या आधीच उघडलं. ब्लाझेनाबाईंनी माझ्या काखेतल्या भांड्यात बोट खुपसलं. “दूध फार तापवलंस. यीस्ट मेलं.” मग माझ्या चेहऱ्याकडे बघून म्हणाल्या, “घाई केलीस.” बस, तेवढंच. त्या आठवड्याबद्दल एक शब्द नाही.

त्यांच्या टेबलावर फुगलेला गोळा तयार होता. वास वर आला नव्हता, कारण ओव्हन अजून पेटायचा होता. त्यांनी खसखशीचं वाडगं पुढे सरकवलं, कोट चढवला, रुमाल घट्ट बांधला आणि म्हणाल्या, “मला दुकानात जायचंय.” आणि गेल्या. तीन तास आल्या नाहीत. कोपऱ्यावरच्या लाँड्रीत त्या वाळवणाच्या यंत्राजवळ नुसत्या बसून होत्या, असं पुढे कधीतरी लाँड्रीवालीकडून मला कळलं. दुकानातून त्या काहीच आणणार नव्हत्या.

आम्ही दोघीच. केतकी स्टुलावर चढली. “किती भरायचं?” मी विचारलं. मला माहीत होतं, तरी विचारलं.

“एवढं.” तिनं चमच्याचं टोक दाखवलं. “जास्त भरलं की सांडतं. आणि आधी इथे दाब. जोरात नाही. हं, असं.”

“तुझे हात किती गार आहेत गं,” मी म्हणाले.

“तुझे गरम आहेत,” ती म्हणाली आणि काम चालू ठेवलं. ट्रे ओव्हनमध्ये गेल्यावर ती काचेसमोर मांडी घालून बसली. मी तिच्या शेजारी बसले. आत कोलाचे हळूहळू फुगत होते, कडेनं सोनेरी होत होते. ती माझ्या अंगावर रेलली नाही. पण सरकून लांबही झाली नाही. तेवढ्या वेळात मी एकदाही उठले नाही.

त्या दिवशीही ती मला आई म्हणाली नाही. पहिल्यांदा कधी म्हणाली, ते मला आठवत नाही. ज्या एका शब्दासाठी मी पूर्ण हिवाळाभर कान लावून बसले होते, तो कुठल्याशा गडबडीच्या सकाळी, बुटाची नाडी बांधताना नाहीतर दूध ओतताना, सहज येऊन गेला असणार. मी बहुधा ओ दिली असेल आणि कामाला लागले असेन. हे मला अजून खुपतं.

सत्त्याऐंशीच्या उन्हाळ्यात अविनाशला नोकरी लागली आणि आम्ही शॉमबर्गला आलो. सुरुवातीला महिन्यातून एकदा बर्विनला जायचो. मग केतकीचे पोहण्याचे क्लास, माझा कॉम्प्युटरचा कोर्स. एकदा फोन केला तर फोन बंद. मागाहून नाताळचं कार्ड आलं, नेब्रास्काहून. ब्लाझेनाबाई भाचीकडे राहायला गेल्या होत्या, घर विकलं होतं. खाली थरथरत्या अक्षरात कात्का लिहिलेलं. मी उत्तर पाठवलं. त्यात हवापाणी लिहिलं, केतकीची उंची लिहिली. त्या एका आठवड्याबद्दल, त्या कडीबद्दल लिहायला बसले होते, पण ते लिहिलं गेलं नाही. पुढच्या वर्षी कार्ड आलं नाही.

मेक्सिकन बेकरीसमोर शेवटी मी गाडी लावली. काचेपलीकडे एक मुलगी ट्रेमधून गोल पाव उचलत होती. मी केतकीला फोन लावला. ती पार पश्चिम किनाऱ्याकडे, फ्रीमाँटला असते. तिकडे सकाळचे नऊ वाजले होते.

“आई? मी ड्राइव्ह करतेय, बोल. सगळं ओके ना? बाबा?”

“बाबा डॉक्टरकडे. मी बर्विनला आलेय.”

“बर्विन? बाबीच्या घरी?”

“तुला आठवतात बाबी?”

“ऑफ कोर्स. तो खसखशीचा वास. ते मशीन, जे मला कधी फिरवू द्यायची नाही.”

चाळीस वर्षं जे विचारलं नव्हतं ते आता ओठांवर आलं होतं, आणि ती तिकडे दीड-दोन हजार मैलांवर फ्रीवेवर होती, म्हणूनच कदाचित ते विचारता आलं.

“केतू, तू आलीस ना, तेव्हा विमानतळावर मला ओळखलं नाहीस. त्यातलं काही आठवतं तुला?”

पलीकडे इंडिकेटरचा आवाज. मग तोही थांबला.

“आई,” ती म्हणाली, “मी ओळखलं होतं तुला.”

“काय?”

“आय न्यू इट वॉज यू. तू हिरवा कोट घातला होतास, केस कापले होतेस. पण तू केतू म्हणालीस ना, तेव्हा कळलं मला. आवाज तोच होता.”

“मग तू म्हणालीस की—”

“आय वॉज सो मॅड, आई. एवढी रागावले होते मी. तू गेलीस ना मला टाकून. मग मी ठरवलं, आता मी पण तुला ओळखणार नाही.”

बेकरीतली मुलगी ट्रे घेऊन आत गेली. चौदा महिन्यांत आपला चेहरा पुसला गेला, असं मी इतकी वर्षं धरून चालले होते. त्याच्याशी भांडून भांडून मी एका परीनं त्याची सवय करून घेतली होती. आणि ते तसं नव्हतंच. ती काहीच विसरली नव्हती. पदराआड उभी राहून तिनं मला पुरतं ओळखलं होतं आणि मग तोंड फिरवलं होतं.

“बोलली का नाहीस कधी?”

“तू कधी विचारलंच नाहीस. यू नेव्हर टॉक अबाऊट इट. मला वाटायचं, विषय काढला की तू परत त्या खोल्यांमधून चालायला लागशील.”

मला हसू आलं, आणि डोळेही भरले.

“अजून आहे का गं राग?” मी विचारलं.

माझी मुलगी उगाच गोड बोलणाऱ्यातली नाही, हे एक बरं आहे.

“थोडा,” ती म्हणाली.

“असू दे,” मी म्हणाले. “थोडा असू दे.”